पालथ्या नगरीतला मणी

अण्णा, तुमची टेकडी गेली. बिडकीनच्या पुढची, बाभळीच्या रांगेमागची. तिथं आता कारखान्यांसाठी प्लॉट पाडलेत, आणि गेल्या महिन्यात तिथल्या मातीच्या चार थैल्या तपासणीसाठी वाळूजच्या आमच्या प्रयोगशाळेत आल्या. थैलीवर नुसता प्लॉटचा नंबर होता, पण तोंड सोडलं आणि राखेच्या रंगाची ती माती, त्यातले विटांचे तुकडे बघून मी ती लगेच ओळखली. माझं काम साधं आहे. माती वाळवायची, चाळायची, दाबायची आणि ती किती भार पेलेल ते लिहून द्यायचं. सोनं सापडलं का, असा रकाना आमच्या फॉर्ममध्ये नाही. तरी सगळे चहाला गेल्यावर मी मूठभर माती स्टीलच्या थाळीत घेतली, पाणी घातलं आणि तुम्ही फिरवायचात तशी थाळी फिरवली. मनगटाला सगळं आठवत होतं. हलकी माती वाहून गेली, कडेला काळी रेती राहिली. बाकी काही नाही. मी थाळी धुऊन जागेवर ठेवली आणि भाराचे आकडे लिहायला बसले.

तुम्ही काय करता, हे शाळेत विचारलं की मी म्हणायचे, सराफ्यात आहेत. खोटं नव्हतं ते. शहागंजकडून सराफ्यात शिरलं की दुकानं उघडायच्या आधी उंबऱ्यापुढची धूळ झाडून पोत्यात भरणारे तुम्हीच असायचात. दागिना घासताना उडालेला सोन्याचा कण त्या धुळीत असतो, भट्टीच्या राखेत असतो, गटाराच्या गाळातही असतो. तो धुऊन काढणारा तो झारेकरी, हे मला लिहिता वाचता येण्याआधी कळत होतं. अंगणात तुम्ही उकिडवे बसून तास न् तास थाळी फिरवायचात, शेवटी पारा ओतायचात, तो सोन्याचे कण गोळा करायचा, आणि मग तो पारा जाळताना आम्हाला घरात पिटाळायचात. "धूर वंगाळ असतो, आत व्हा." स्वतः मात्र तिथंच बसायचात.

आणि रविवारी टेकडी. बिडकीनपर्यंत एसटी, पुढं पायी, तुमच्या डोक्यावर थाळी आणि माझ्या हातात भाकरीचं फडकं. नगरीची गोष्ट दर वेळी तीच, पण मी दर वेळी नव्यानं विचारायचे. इथं सोन्याचं शहर होतं. घरांवर सोन्याचे पत्रे, देवळावर सोन्याचा कळस. दारात आलेल्या एका फकिराला कुणी घोटभर पाणी दिलं नाही, त्यानं आपला कटोरा जमिनीवर पालथा घातला आणि अख्खी नगरी तशीच पालथी झाली. "म्हणून वर नुस्त्या विटा लागत्यात, लेकी. ह्यो पाया हाय. कळस लई खाली." मी जमिनीला कान लावायचे. पायाखाली माणसं डोकं खाली करून चालत असतील, स्वयंपाक करत असतील, असं वाटायचं आणि अंगावर काटा यायचा. अजूनही येतो. काचेचे, मातीचे मणी पुष्कळ सापडायचे. सोनं कधीच नाही. आई म्हणायची, "डोंगर पोखरून उंदीर तरी आणा एखादा."

मी नऊ वर्षांची होते तेव्हाचा तो रविवार. सराफ्यात तेव्हा दुकानांना फरशा बसायला लागल्या होत्या आणि सराफ स्वतःची धूळ स्वतःच जपून ठेवायला शिकले होते. तुमची पोती अर्धी यायची. एसटीत तुम्ही म्हणालात, "आज कायबी नाय घावलं, तर टेकडीचा नाद सोडला बग. उगं तुझीबी पायपीट." मला रडू आलं. मला सोनं नको होतं, अण्णा. मला रविवार हवा होता. बाकी सहा दिवस तुम्ही धुळीचे होतात, त्या एका दिवशी माझे.

आदल्या दिवशी आईचं मंगळसूत्र तुटलं होतं. तिनं मणी वाटीत वेचले होते, आणि बाजेखाली गेलेला एक सोन्याचा मणी मला सापडला होता. देणारच होते. पण तो फ्रॉकच्या शिवणीत खोचला आणि सकाळी तसाच माझ्याबरोबर टेकडीवर आला. तुम्ही पाणी आणायला वळलात तेव्हा मी तो थाळीतल्या मातीत दाबला. तुम्ही थाळी फिरवलीत. माती गेली, रेती गेली आणि मणी राहिला. तो बोटांच्या चिमटीत धरून उन्हात बराच वेळ बघत राहिलात. मग माझ्याकडे बघितलंत. मी टाळ्या वाजवत नाचत होते.

"पहिलं सोनं मातीचं," तुम्ही म्हणालात. झारेकऱ्याचा हा नेम मला ठाऊक होता. नव्या जागी निघालेलं पहिलं सोनं घरी न्यायचं नसतं, तिथंच मातीला परत द्यायचं, नाहीतर जमीन पुढचं देत नाही. तुम्ही विटेखाली खड्डा केलात, मूठ आत नेलीत, माती लोटलीत आणि मला हात जोडायला लावलेत. परत येताना म्हणालात, "आता सोडून कसं चालंल? नगरीनं तोंड दावलं."

त्याच संध्याकाळी आई मणी ओवायला बसली आणि एक कमी भरला. तिनं बाज उचलली, चुलीभोवती झाडलं, राख चाळली. मग तुमच्याकडे वळली. "सोन्याच्या धंद्यातलं माणूस घरात एकच हाय. इकलात ना?" तुम्ही भाकरी खात होता. मान खाली घातलीत आणि खातच राहिलात. मला वाटलं तुम्ही दमलात. मी चुलीमागं बसून होते, चोराच्या मनात चांदणं म्हणतात तसं, आणि उद्या सांगू, उद्या सांगू म्हणत राहिले. गल्लीतल्या बायकाही तिला टोचून बोलल्या, सवाष्णीच्या गळ्यातला मणी जाणं चांगलं नाही म्हणून. तिनं त्या जागी एक काळा मणी घातला आणि तुमच्याशी महिनाभर कामापुरतंच बोलली. खरं सांगायचं तर पुढंही ती गाठ कधी नीट सुटली नाही.

चौदाव्या वर्षी मी रविवारी यायचं थांबवलं. मैत्रिणींनी मला थाळी घेऊन एसटीत चढताना बघितलं होतं. तुम्ही "बरं" म्हणालात आणि एकटे गेलात, आणि पुढंही एकटे जात राहिलात. टेकडीची मातीसुद्धा पोत्यांनी आणायचात, धुवायचात, पारा जाळायचात. मग हात थरथरायला लागले, चहा बशीत सांडायला लागला. डॉक्टर म्हणाले, धूर अंगात भिनलाय. तुम्ही गेलात तेव्हा मला एकच कळत होतं, की माझ्या एका मण्यानं तुम्हाला नादी लावलं. नसता निघाला, तर सोडणार होतात तुम्ही. वीस वर्षं मी हे घेऊन जगले.

आणि गेल्या आठवड्यात आईनं तुमची थाळी भंगारात द्यायला काढली. थाळीसोबत तुमची कसोटीच्या दगडाची डबी होती, माळ्यावर तशीच पडलेली. दगडाखाली चिंधी होती आणि चिंधीत मणी. आईनं तो लगेच ओळखला. मीही. विटेखाली तुमची मूठ रिकामीच उघडली होती.

जमिनीतून निघालेलं पहिलं सोनं तुम्ही घरी आणलं नसतंत, जीव गेला तरी. म्हणजे तो जमिनीतला नाही, हे तुम्हाला उन्हात धरला तेव्हाच कळलं होतं. कळणारच. सराफ्यातलं सोनं डोळ्यानं ओळखणारा माणूस आपल्याच बायकोचा मणी ओळखणार नाही? परत दिला असतात तर मी सापडले असते, म्हणून तुम्ही तो लपवलात, आणि आईचा शब्द झेललात. इतकं मला समजतं. पण मग पुढं इतकी वर्षं खणलंत कशासाठी? रविवार मला हवे होते म्हणून? मी यायचं सोडल्यावर कुणासाठी? मी कधीतरी सांगेन म्हणून वाट बघत होतात का? की खरंच तुम्हाला खालून कळस दिसत होता? मशीन येऊन ती टेकडी उलटीपालटी करून गेलं आणि मला झोपेत ती नगरी सुलटी झालेली दिसते. रस्ते, दारं, पत्रे, सगळं उन्हात. माणसं नाहीत. एका विटेजवळ तुम्ही उकिडवे बसलेले असता, मूठ मिटलेली, आणि माझ्याकडे बघता. रागानं नाही. मला त्याचीच भीती वाटते.

आईनं मणी तळहातावर घेतला आणि म्हणाली, "म्हंजे चोरला त्यांनीच व्हता. इकला मातर नाय." मग पदराला डोळे पुसले. "जाऊ दे. आता गेलेल्या माणसाला काय बोलायचं." तेव्हा तरी मला खरं सांगायचं होतं. मी थाळी उचलून भंगारवाल्याला नको म्हणून सांगायला बाहेर गेले.

हे पत्र कुठं टाकायचं, हा प्रश्नच नाही. आता आई दारात येऊन विचारून गेली, "केव्हाची काय लिवतीस?" मी म्हणाले, ऑफिसचं. ती जेवायला हाक मारते आहे. मी जाईन, ताटावर बसेन आणि मान खाली घालून भाकरी खाईन, तुमच्यासारखी. फक्त तुम्ही माझ्यासाठी गप्प बसला होतात, अण्णा. मी अजूनही माझ्यासाठीच बसते आहे.