दोन खोल्यांचा सेट

४ फेब्रुवारी

सेट उभा राहिला. आमच्या पाडलेल्या इमारतीतल्या दोन खोल्या, जशाच्या तशा — चौथी भिंत तेवढी नाही, तिथे कॅमेरा. मी दिग्दर्शित करतेय ती मालिकाही आमच्यासारख्यांचीच: जुनं घर सोडावं की नाही, यावर रोज जेवताना भांडणारं कुटुंब. आम्ही सोडलं. आता बाबा आणि मी एकविसाव्या मजल्यावर. आई गेल्यापासून बाबा गप्पच असतात. रात्री मी घरी पोचते तेव्हा झोपलेले.

६ फेब्रुवारी

बाबांना सेट दाखवायला नेलं. आल्या आल्या कला दिग्दर्शकाला धरलं — "मोरी एवढी चकाचक? आमच्यात कोणी अंघोळच करत नव्हतं की काय?" सगळे हसले. बाबाही. किती महिन्यांनी!

७ फेब्रुवारी

आज माझ्याआधी तयार. इस्त्रीचा शर्ट घालून दाराशी उभे.

१९ फेब्रुवारी

आता रोजच येतात. दुपारी सेटवरच्या पलंगावर आडवे होतात. आज घोरायला लागले. नेमका नायिकेच्या रडण्याचा शॉट! लाइटवाले दादा हळूच म्हणाले, "मॅडम, स्वयंपाकघरातलं आधी उरकू या." उरकलं.

बाबा बोलतात, जेवतात, टोमणे मारतात. त्या दोन खोल्यांनी माझे बाबा मला परत दिले. मला घरी कुठे जमलं होतं हे?

२ मार्च

वाहिनीचे साहेब आले. केसाने गळा कापावा तर यांनीच. "फार सुंदर चाललंय हो. पण प्रेक्षकांना आता टॉवर बघायचाय. कुटुंब नव्या फ्लॅटमध्ये न्या, हा सेट मोडा."

हे घर दुसऱ्यांदा पाडायचं? तेही बाबांच्या डोळ्यांदेखत? परत गप्प झाले तर यावेळी कशाने बोलते करू?

५ मार्च

भांड भांड भांडले. तोडगा निघाला. सेट राहणार. बदल्यात त्यांची दुसरी मालिकाही मीच करायची, वर्षभर. दुपारनंतर रोज तिकडच्या स्टुडिओत, रविवारीसुद्धा. पार पिचून जाईन, पण सही केली.

घरी येऊन बाबांना सगळं सांगितलं. सेट कुठे जात नाही, तुम्ही खुशाल या. "बरं," म्हणाले. एवढंच. ऊर भरून आला की बोलत नाहीत ते. मला फार बरं वाटलं.

६ मार्च

जेवणाच्या सुट्टीत हेडफोन कानातच राहिला. सेटवरचा माइक चालू होता. बाबा पलंगावर बसून लाइटवाल्या दादांना सांगत होते — "त्या घराचं काय घेऊन बसलात? सुटलं ते बरंच झालं. पहाटे पाण्याला उठून उठून कंबर गेली माझी. इथे पोरगी दिवसभर डोळ्यांसमोर असायची, म्हणून येत होतो."