हायाशी-मार्सेल रस्सा

२ फेब्रुवारी, शुक्रवार

नाही म्हणजे नाही! बाहेरून बिर्याणी मागवणार नाही.

पुढच्या रविवारी जहाजावरची जुनी माणसं मीरा रोडला आमच्या घरी जेवायला येतायत. चौदा जण. आमच्या जहाजाचा सारंग, म्हणजे खलाशांचा मुकादम, दाजी फोनवर म्हणाला, "धर्माजी, तोच रस्सा पाहिजे. दुसरं काही केलंस तर उपाशी जाऊ."

पोरगा ऐकत होता. निकेत. "पप्पा, किचनमध्ये पाय ठेवायचा नाही. परवा गॅस तसाच चालू, घरभर वास, आणि तुम्ही शेजारी पेपर वाचताय!"

वाचत होतो. वास आलाच नाही, त्याला मी काय करू? हे फक्त इथे लिहितोय. तीन वर्षांपूर्वी, शेवटच्या ट्रिपला ताप आला, त्यात नाक गेलं. जिभेची चवही गेली. निकेतला वाटतं विसराळू झालोय. वाटू दे. विसराळू चालेल. पण वास न येणारा कुक? एकतीस वर्षं जहाजावर जेवण केलंय मी!

४ फेब्रुवारी, रविवार

रस्सा आठवून आठवून कागदावर उतरवला. चीफ इंजिनियर हायाशी साहेबांना रोज मिसो लागायचं, म्हणजे सोयाबीनची आंबवलेली पेस्ट. इलेक्ट्रिशियन मार्सेल अमेरिकेतल्या न्यू ऑर्लिन्सचा क्रिओल, म्हणजे फ्रेंच-आफ्रिकी वंशाचा. त्याला हवा गंबो — पीठ तेलात चॉकलेटी होईपर्यंत भाजायचं, मग कांदा, सेलरी, ढोबळी मिरची, भेंडी, आणि मासळी. जेवणावरून दोघांचं बोलणं बंद. एक दिवस वैतागून दोन्ही एकाच टोपात घातलं. खा नाहीतर राहा!

खाल्लं. मार्सेलने तर टोप पावाने पुसला.

७ फेब्रुवारी, बुधवार

निकेत ऑफिसला गेल्यावर करून बघितलं. पीठ करपलं. ट्यूबलाइटमध्ये रंगच कळेना. सूनबाई संजना घरूनच काम करते, ती आतल्या खोलीतून धावत आली.

"पप्पा, एवढं जळलंय आणि तुम्ही ढवळताय?" मग माझ्याकडे बघत राहिली. "तुम्हाला वास येत नाही ना?"

"कोण म्हणतं!"

तिने काहीतरी ठेचलं, मला डोळे मिटायला लावले, नाकाशी धरलं. "सांगा, काय आहे?"

"आलं."

डोळे उघडले. लसूण होती.

जहाजावर चार महिने कोणाला कळू दिलं नाही, आणि संजनाने पाच मिनिटांत पकडलं! विचारलं, "निकेतला सांगणार?"

"आधी दुसरं पीठ भाजू," ती म्हणाली. "मी टॉर्च धरते."

१० फेब्रुवारी, शनिवार

भाईंदर पश्चिमेला मासळी घ्यायला. उत्तनची कोळीण मावशी म्हणते, "वास घेऊन बघ ना, ताजी हाय!" मी डोळे बघितले, कल्ले उघडले, बोटाने दाबलं. "एवढी परीक्षा कोन घेत न्हाय," म्हणाली. कोळंबी, खेकडे, माकूळ. मिसो आणि सुकं समुद्री शेवाळ संजनाने ऑनलाइन मागवलेलं.

निकेतने फ्रिज उघडला आणि भडकला. "मी नको म्हटलं होतं ना?"

"माणसं माझी, टोप माझा. तुला नको असेल तर उद्या बाहेर जेव!"

दार आपटून गेला. जाऊ दे.

११ फेब्रुवारी, रविवार

केला! शेवाळ भिजवून त्याचं पाणी रश्शासाठी काढलं. पीठ पाऊण तास भाजलं, हात थांबू दिला नाही. संजना शेजारी उभी. "भाजलेल्या शेंगदाण्यासारखा वास येतोय… अजून थोडं… बस, पप्पा, बस!" कांदा पडल्यावर चर्र झालं, ते मात्र मला कळलं. कान शाबूत आहेत. खेकडे आधी, कोळंबी शेवटी. गॅस बंद करून मिसो.

मिठाच्या बरणीत हात घातला. संजनाने मनगट धरलं. "मिसोत आहे तेवढं पुरे."

राग आला. पण हात मागे घेतला.

टोप रिकामा! दाजीने तीन वाट्या घेतल्या. निकेत बाहेर गेलाच नाही. कोपऱ्यात बसून दोनदा वाढून घेतलं. जिंकलो!

१२ फेब्रुवारी, सोमवार

दाजीचा फोन. "काल झकास. मीठ पण अगदी बरोबर."

"त्यात काय विशेष?"

हसायला लागला. "शेवटच्या ट्रिपला चार महिने आख्खा समुद्र खाल्ला आम्ही, धर्माजी! हायाशी साहेबांनी सगळ्यांना मेसमध्ये गोळा केलं होतं. म्हणाले, कुकला कोणी काही बोलायचं नाही, त्याची नोकरी जाईल."

एकवीस माणसं. चार महिने. एकानेही माझ्यासमोर तोंड वाकडं केलं नाही.

निकेतला ऑफिसात फोन लावला. "काय झालं, पप्पा?"

नाक गेल्याचं सांगितलं.