तिसऱ्या रांगेतली झोप

तीर्थस्वरूप काकांना साष्टांग नमस्कार. (कागदावरच घालते आहे. प्रत्यक्षात घातला तर मला परत उभं करायला दोन माणसं लागतात.) तुमचा खोकला कसा आहे? बेकरीतून निवृत्त झालात तरी अजून अंधारातच उठून बसता आणि काकूंनाही उठवता, असं कळलं. काकूंची सहनशक्ती कशी आहे तेही कळवा. इकडे आम्ही सगळे मजेत. सगळे म्हणजे मी, माझी कंबर आणि माझे गुडघे. आमचं आपसात फारसं पटत नाही, पण एकत्र राहतो.

पत्र लिहिते आहे ते फक्त तुमचे आभार मानायला. (काही मागायचं नाहीये, घाबरू नका.) झालं असं की परवा एक वर्तमानपत्रवाल्या बाई मुलाखतीला आल्या आणि त्यांनी विचारलं, बॅले बसवायला तुम्ही कोणाकडून शिकलात? मी मान तिरकी करून चार मोठी नावं सांगितली. त्या खूश होऊन गेल्या आणि मला दिवसभर चोरट्यासारखं वाटत राहिलं, कारण खरं उत्तर तुम्ही होतात. म्हणजे नेमकं सांगायचं तर तुमची झोप.

आठवतं का, आईची कामाची पाळी संध्याकाळची, म्हणून मला क्लासला न्यायचं काम तुमच्या गळ्यात पडलं. पहाटेपासून भट्टीसमोर उभं राहून तुम्ही यायचात, भुवयांवर पीठ तसंच, आणि सायकल दुरुस्तीच्या दुकानावरचा तो जिना चढून दाराजवळच्या खुर्चीत बसलात की भिंतीवरची दांडी धरून आम्ही पहिला गुडघा वाकवायच्या आत तुमचा डोळा लागलेला असायचा. आमच्या बाई एरवी पालकांना आत फिरकू देत नसत. तुम्हाला द्यायच्या, कारण तुम्ही काही बघतच नव्हतात. एकदा पियानोवाले आजोबा पान उलटायला थांबले आणि त्या शांततेत तुमचं घोरणं सगळ्या वर्गाला ऐकू गेलं. मला धरणी दुभंगून पोटात घेईल तर बरं असं झालं. बाई मात्र चेहरा जराही न हलवता म्हणाल्या, "चला, निदान एकाची तरी लय बरोबर आहे."

मग माझा पहिला जाहीर प्रयोग. मी पक्ष्यांच्या रांगेत शेवटची. सगळे पक्षी उजवीकडे वळले, मी डावीकडे वळले आणि थेट पुठ्ठ्याच्या राजवाड्यात शिरले. राजवाडा राजपुत्रावर पडला. राजपुत्राला पाय धरून बाहेर ओढावं लागलं (मुकुट शेवटपर्यंत सापडला नाही) आणि हसून हसून लोकांची पुरेवाट झाली. घरी जाताना मी इतकी रडत होते की समोरचं दिसत नव्हतं. नाच सोडायचा, हे पक्कं ठरवलं होतं. तुम्ही मात्र ताजेतवाने होतात. माझ्या डोक्यावर हात ठेवून म्हणालात, "छान झालं गं. कुठे म्हणून खटकलं नाही." काका, त्या एका वाक्यावर मी पुढची सगळी वर्षं नाचले. अख्खा राजवाडा कोसळताना जो माणूस शांत झोपू शकतो, तो आपल्या घरचा आहे, याचा केवढा आधार वाटला म्हणून सांगू!

पुढे मी स्वतः बॅले बसवायला लागले. पहिला बसवला तो भयंकर लांब होता. राणीचा शोक संपता संपत नव्हता. विंगेतून डोकावले तर तिसऱ्या रांगेत तुम्ही ढाराढूर. दुसऱ्या दिवशी मी राणीचा शोक निम्म्यावर आणला आणि समीक्षकांनी माझ्या संयमाचं तोंड भरून कौतुक केलं. तेव्हापासून तुमचं तिकीट कायम तिसऱ्या रांगेतलं, कडेचं, कारण ते विंगेतून स्वच्छ दिसतं. तुमची हनुवटी छातीला टेकली तर थोडी काटछाट, डोकं शेजारच्याच्या खांद्यावर गेलं तर अख्खा प्रवेश बाद. माझं जे काही नाव झालं ते या एका कसोटीवर झालं, आणि हे मी आजवर कुणाला सांगितलं नाही.

आणि आता काकू फोनवर सांगतात की गेल्या खेपेला पुढच्या रांगेतल्या कुणा बाईंनी मागे वळून तुम्हाला सुनावलं, आणि पोरीच्या कामात घोरणं शोभत नाही म्हणून तुम्ही यायचंच बंद केलंत. नव्या बॅलेच्या तालमीला तुमच्या जागी आमच्या व्यवस्थापकांना बसवून पाहिलं. ते परीक्षेला बसल्यासारखे डोळे ताणून जागे राहिले आणि शेवटी अप्रतिम म्हणाले. असल्या माणसाचा काय उपयोग? मग माझ्या दातांच्या डॉक्टरांना बसवलं. ते पडदा वर जायच्या आधीच झोपले. (घरी तान्हं बाळ आहे.) कुठे कापायचं तेच कळेना, म्हणून बॅले आहे तसाच लांबलचक राहिलाय. राहू दे. मी स्वतः नाचणार असा हा शेवटचाच आहे, गुडघ्यांनी हात टेकलेत.

तर काका, तुमच्या प्रत्येक डुलकीबद्दल मनापासून आभार. याउपर काही नाही. काकूंना नमस्कार, तब्येतीला जपा.

तुमची पुतणी

ता. क. या वेळी तिकीट पाठवलेलं नाही, कारण तुमची जागा प्रेक्षागृहात नाही, रंगमंचावर आहे. शेवटच्या प्रवेशात एक माणूस खुर्चीत झोपलेला असतो आणि त्याची झोप मोडू नये अशा बेताने एक बाई त्याच्याभोवती नाचते. त्या कामाला घेतलेला तरुण पोट आत ओढून, हनुवटी वर करून, देखणा झोपतो. असं कोणी झोपतं का? तुम्हीच या. तुम्हाला तालमीची गरज नाही. शनिवारी सकाळी गाडी येईल. काकूंनी तुमचा सदरा इस्त्री करून ठेवलाय, त्यांना रागावू नका.

ता. क. पुन्हा. ती नाचणारी बाई मी आहे. तुम्ही माझा एकही नाच शेवटपर्यंत पाहिलेला नाही. त्याचं कधी वाईट वाटलं नाही असं लिहिणार होते, पण थोडं वाटायचं. काल मी ती खुर्ची फिरवून घेतली. आता तिची पाठ प्रेक्षकांकडे आहे आणि तुमचा चेहरा फक्त मला दिसेल. तेव्हा झोप नाही आली, तर डोळे उघडे ठेवा. कुणाला कळणार नाही.