धुलाईघरातली साक्ष

३ मार्च

ती. आत्यास,
सा. न. वि. वि.

लढाईवरच्या आमच्या माहितीपटात चार अधिकारी तासतासभर बोललेत, पण सगळ्यांत जिवंत बोललीस तू. लष्करी इस्पितळाचं धुलाईघर, सोड्यानं सोललेले तुमचे हात, खिशांत सापडलेली अर्धवट पत्रं... आमच्या बडबड्या कॅमेरावाल्यानं त्या रात्री स्वतःचे कपडे स्वतः धुतले.

पण एका वाक्यावर माझं घोडं अडलंय. तू म्हणालीस, कितीतरी विजारी भीतीनं ओल्या झालेल्या यायच्या, त्यांत तुझ्या भावाचीही होती. अगं, तो भाऊ म्हणजे माझे बाबा! शाळेत तीस वर्षं कवायत शिकवलेला माणूस. चारचौघांत त्यांना काय वाटेल? ते वाक्य काढू का?

गुडघ्याला जप. माया आहेच, ती पातळ होऊ देऊ नकोस.

तुझी,
भाची

९ मार्च

चि. चिमणीस,
अनेक आशीर्वाद.

पडद्यावर मी फार जाडी दिसते का, हे लिहायला बरी विसरलीस!

विजार त्याची, तेव्हा त्यालाच विचार. तो नको म्हणाला तर खुशाल काढ, मी रुसणार नाही. पण त्या वाक्यानं तुला असा घाम फुटला, की पुढचं ऐकलंच नाहीस वाटतं. खांद्याची जखम भरल्यावर तीच विजार घालून तो पुन्हा आघाडीवर निघाला. दोनदा त्यानं बटणं चुकीच्या काजांत अडकवली. मी थोरली बहीण, दारात आडवी उभी राहिले. मला बाजूला करून गेला. माझा भाऊ शूर आहे, हे मला त्या दिवशी कळलं.

सुखी राहा, आणि वेळेवर जेव.

तुझी,
आत्या

२१ एप्रिल

ती. ताईस,
शि. सा. न. वि. वि.

पोरीनं तो भाग मला आधी एकट्याला दाखवला. तुझं ते वाक्य आलं आणि मी मान खाली घालून बसलो. तीस वर्षं मुलांना छाती पुढे काढायला सांगितलं, भीतीबद्दल एका अक्षरानं बोललो नाही. पोर म्हणाली, बाबा, काढून टाकते. मी म्हटलं, ठेव, आणि मलाही कॅमेऱ्यापुढे बसव.

काल भरल्या सभागृहात माहितीपट दाखवला. पडद्यावर तुझ्यामागून मी आलो आणि म्हणालो: मला इस्पितळात आणलं तेव्हा धुण्याचे कपडे न्यायला आलेल्या ताईनं ती विजार पाहिली, आणि कोणी काही बोलायच्या आत अख्ख्या वॉर्डाला ऐकू जाईल अशी ओरडली, की या वेंधळ्यानं अंगावर चहा सांडून घेतलाय. हे मी सगळ्यांना सांगितलं, ताई. तेव्हा तुझे आभार मानायचे राहिले होते.

लोक उठून उभे राहिले. पोर डोळे पुसत मलाही उठवत होती. मी बसूनच राहिलो आणि सगळ्यांबरोबर टाळ्या वाजवल्या. त्या तुझ्यासाठी होत्या.

तुझा हात असाच डोक्यावर असू दे.

तुझा,
धाकटा