घरीच असते, असं मी लिहून दिलं

श्रीयुत हणमंतराव यांसी बेल्याहून भगवंतरावाचा (अजून तरी तुमच्या घरचा जावईच) सप्रेम नमस्कार.

तुमचा गुडघा कसा आहे? वहिनींची दाढ काढली की ठेवली? तुमची बहीण मथुरा तुमच्याकडे येऊन नऊ दिवस झाले, म्हणजे जेवणखाण उत्तम चालू असणार, ते विचारत नाही. माझी तब्येत ठीक. (वजन उतरलं. लोक म्हणतात बरा दिसतो.) ती माझा फोन उचलत नाही, म्हणून हे पत्र. तिनं तुम्हाला काय सांगितलं ठाऊक नाही, तरी एकदा माझ्या तोंडूनही ऐका.

भैंशाची हर्षाली नावाची मुलगी हैदराबादला भूगोल शिकते, ती आमच्या गावात पाहणीला आली. विषय म्हणे, 'अर्धशुष्क संक्रमण प्रदेशाचा भूगोल आणि अर्थव्यवस्था'. मला संक्रांत ठाऊक होती, संक्रमण नाही. तिनं समजावलं की पश्चिमेकडे पाऊस कमी कमी होत जातो, तुमच्या उटनूरकडे जंगल आणि पाऊस वाढत जातो, आणि आपण मधले, ना धड कोरडे ना धड ओले. (भाषेचंही आपलं तेच, पण तो तिचा विषय नव्हता.) मला फार बरं वाटलं. पटवाऱ्याशिवाय माझ्या शेताची एवढी चौकशी आजवर कोणी केली नव्हती. खुर्ची टाकली आणि सांगत सुटलो : काळी जमीन पाच एकर, चारात कापूस, मधे ओळीनं तुरीची तासं, एकात भाजीपाला, आणि पाऊस जूनमध्ये येतो म्हणून सांगतो अन् जुलैत वीस दिवस तोंड दाखवत नाही. शेवटी कागदावर रकाना आला, 'पत्नीचा व्यवसाय'. मी म्हणालो, "काही नाही. घरीच असते."

मथुरा तेव्हा मागच्या दारी बाजारासाठी मेथीच्या जुड्या बांधत होती. सकाळपासून. तिनं ऐकलं. आम्हाला चहा आणून दिला, बशीसकट. चौतीस वर्षांच्या संसारात मला बशी मिळाली ती ही तिसऱ्यांदा. मी तिथंच तो कागद फाडायला हवा होता.

त्याऐवजी मी हर्षालीला मोटारसायकलवर शेत दाखवायला नेलं. आदल्या दिवशी पाऊस झालेला. तुम्ही तिकडे मुरमावर राहून आपली काळी माती विसरला असाल. चाकात अशी भरली की चाक फिरेना, आणि मी गाडीसकट भूगोलात आडवा झालो. पोरगी वेळीच उतरली होती. तिनं फोटो काढला. (मातीचा, असं म्हणाली.) वाटेत भेटलेल्या चंपतच्या बैलगाडीतून परतलो तर दाराला कुलूप. किल्ली शेजारच्या चंपाबाईकडे. ती म्हणाली, "मथुराबाई भावाकडं उटनूरले गेली. तुमाले सांगाले सांगतलं, घरी असनारी आता घरी नाही."

मग बाजाराच्या दिवशी टोपली घेऊन मीच तिच्या जागेवर बसलो. पहिल्या बाईनं तेलुगूत भाव विचारला, दुसरीनं गोंडीत, तिसऱ्या गिऱ्हाइकानं हिंदीत घासाघीस केली. मथुरा तिघांनाही त्यांच्या भाषेत हसवून जुडी देते. मला मराठीतही जमेना. जो तो विचारे, "बाई काऊन नाही आल्या?" एका म्हाताऱ्यानं वांगं हातात घेतलं, माझ्याकडे पाहिलं आणि म्हणाला, "त्या नसतीन तर कोनाच्या भरोशावर घेऊ?" ठेवून गेला. चार वाजेपर्यंत मेथीनं मान टाकली, मग मीही टाकली.

तिथं बसल्या बसल्या मला कळलं. कापूस येतो वर्षातून एकदा, तोही पावसाच्या मर्जीनं. मधले सगळे महिने चूल, तुमच्या भाच्याची, प्रज्वलची फी, माझ्या बिड्या आणि मोटारसायकलचं पेट्रोल त्या एका एकरातून येतं. कोरड्या सालातही आमचं घर कोरडं काऊन पडलं नाही, हे मला अठ्ठावन्नाव्या वर्षी समजलं.

घरी येऊन हर्षालीला फोन लावला. "पोरी, तो रकाना खोड."

"काका, मग काय लिहू?"

मी सांगत गेलो : पेरणी, निंदणी, गुरं, भाजी, बाजार, चार भाषा, आणि मातीला हात लावून ओल सांगते ते वेगळं.

ती म्हणाली, "काका, जागा पुरून नाही राह्यली."

म्हणालो, "माझ्या रकान्यातली घे."

वहिनींना नमस्कार. माझ्यावर रागावला असाल तर रागवा, तेवढा हक्क तुमचा आहे.

तुमचा,
भगवंतराव

ता. क. तिला परत पाठवा असं मी म्हणत नाही. तिला वाटेल तेव्हा ती येईल. तुम्ही फक्त मला दोन दिवस राहायला बोलवा. बोलावल्याशिवाय सासुरवाडीला जायची जावयाला लाज वाटते.

आणखी एक ता. क. टपालाला चार दिवस लागतात, म्हणून पत्र मीच घेऊन आलो, आता शिपायाच्या हाती आत पाठवतो. तुमच्या हापिसासमोरच्या चहाच्या टपरीवर बसून हे शेवटचं लिहून राह्यलो, इथंच थांबतो. सुट्टी झाली की पत्र घरी नेऊन मथुरेला वाचू द्या. मी तोंडानं सांगायला गेलो की भलतंच बोलून बसतो. तीन चहा झाले. टपरीवाल्यानं आत्ताच विचारलं, "किसका इंतजार है, चाचा?" मी म्हणालो, "मालकीन का."