बारा मीटरांत सोळा अभ्रे

ती. आईंना जावयाचा नमस्कार.

गुडघे कसे आहेत? चष्म्याची काडी बसवून मिळाली का? (दुकानदार आठवडा म्हणाला की महिना धरावा. मी स्वतः दुकानदार आहे म्हणून सांगतो.) इकडे मी खुशाल आहे, निदान तब्येतीने तरी.

तुमची लेक तिथे का आली, ते तिने सांगितलंच असेल. पण टाळी एका हाताने वाजत नाही, तेव्हा माझंही ऐकून घ्या. त्या दिवशी वसतिगृहाच्या व्यवस्थापिकाबाई बारा मीटर कापड घेऊन आमच्या शिवणाच्या दुकानात आल्या. उशीचे अभ्रे शिवायचे, एकाला पाऊण मीटर लागतं, तर किती होतील, एवढाच त्यांचा प्रश्न. मला लहानपणी पाऊणकीचा पाढा छडीच्या धाकाने पाठ झालेला. लगेच तोंडातून निघालं, बारा पाऊण नऊ! मशीनवरून तुमच्या लेकीचा आवाज आला, सोळा. आता तुम्हीच सांगा, बाराला भागायचं आणि उत्तर बाराहून मोठं? भागल्यावर वाट्याला कमीच येतं, हे चार भावांत घर वाटून घेतलेल्या माणसाला (म्हणजे मला) कोणी शिकवायला नको. मी बाईंसमोरच म्हणालो, "तू मशीन चालव, हिशेब माझ्याकडे राहू दे." बाईंना नेमके सोळाच हवे होते. त्या बिचाऱ्या आणखी कापड आणायला गेल्या आणि तुमची लेक पिशवी भरायला. "सोळा मोजता आले की बोलवा," एवढंच म्हणाली.

सुरुवातीला मीही ताठच होतो. मग अभ्रे कापायला घेतले. नऊ झाले तरी कापड संपेना. आधी मीटरपट्टीवर संशय घेतला, शेजारच्या सुताराकडून दुसरी आणली, तर ती पहिलीच्याच बाजूने निघाली. मग वाटलं, कापडवाल्यानेच चुकून जास्त फाडून दिलं असेल. कापत गेलो. सोळावा तुकडा निघाला आणि टेबलावर चिंधीसुद्धा उरली नाही.

चहा करून शांतपणे विचार केला. बाराच्या पाऊणपट नऊच, पण बाईंनी ते विचारलंच नव्हतं. बारांत पाऊण किती वेळा बसतो, हे विचारलं होतं. तुकडा मीटरहून लहान, म्हणजे तुकडे मीटरांहून जास्तच होणार. माझ्या खोकल्याच्या औषधाचंही तेच झालेलं. बाटलीत आठ चमचे उरले होते, अर्धा अर्धा घेतला तर चार वेळा पुरेल असं धरून मी दुसरी बाटली आणून ठेवली. (खोकला गेला. पहिली बाटली अजून संपायची आहे.)

तर चुकलो. बाईंचं जास्तीचं कापड परत देऊन आलो, चार शब्दही ऐकून आलो. पण तिला बोलवायचं म्हणून हे पत्र नाही हं, तुमच्या गुडघ्यांची चौकशी एवढाच हेतू. तिला हवं तितकं राहू द्या.

तुमचा जावई

ता. क. फार राहू देऊ नका. अभ्रे कापून पडलेत आणि मला शिवता येत नाही.

ता. क. वरचं कारण खोटं. शिवता येतं. पण एका घराला अर्ध्याच माणसाने भागलं की ते दुप्पट होतं, आणि खायला उठतं.

ता. क. तुमचा चष्मा अजून आलेला नाही, हे मेव्हण्याकडून कळलंय. म्हणजे पत्र कोण वाचून दाखवतंय तेही कळलं. तर वाचणाऱ्या बाईसाहेब, सोळा. व्यवस्थापिकाबाईंसमोरही मोठ्याने म्हणून आलोय, सोळा. आता आईंच्या पाया पड आणि घरी ये.