अंगणातला दगडीपाला

आत्या,

अंगण स्वच्छ असलं की घरात शांती नांदते. या थोर विचारानं मी, तुम्ही देवळात गेल्यावर, तुमचा जखमेवर लावायचा दगडीपाला गवत समजून खुरपायला बसलो. निम्म्यातच खुरपं अंगठ्यावर बसलं. रक्त काही थांबेना. सौ. वैदेही म्हणाली, "आता तेच गवत लावा!" लावलं. पानं चोळून रस पिळला, लई झोंबला, पण रक्त थांबलं. माझं एम.ए.चं सर्टिफिकेट चिकटवून थांबलं नसतं.

"पाल्यानं जखमा भरायला लागल्या तर दवाखाने कशाला?" असं मी काल म्हणालो, तेव्हापासून तुम्ही अबोला धरलाय आणि भूमला लेकाकडं जायची पिशवी भरून ठेवलीय. ते बोलणं मी मागं घेतो. मुळं बरीचशी शाबूत आहेत, पाला पुन्हा फुटेल. तुम्ही जाऊ नका. गल्लीतली पोरं गुडघे फोडून घेतात ती तुमच्याकडं येतात, माझ्याकडं कुणी येत नाही.

मी धनुर्वाताचं इंजेक्शन घेऊन येतो. वाटेत स्टँडवर चौकशीही करणार होतो, पण फोनवरच कळलं: भूमची दुपारची गाडी आज रद्द आहे.

– विष्णू